हैबतीचा डंका

“माझा दादा तात्पुरता होता, तर त्या जागेवरचा कायमचा माणूस कोण होता?”

सटवानं हा प्रश्न टेकाडगडाच्या पहारेकऱ्याला विचारला. त्यानं मिशी पिळली. कारकुनाला विचारला. त्याला नेमकी शिंक आली. दिवाण त्रिंबकपंतांना विचारला. त्यांनी पगडी सारखी केली. 

सटवाचा थोरला भाऊ हैबती हा गडाचा नगारची. मिसरूड फुटल्यापासून दरवाजावरचा मोठा नगारा तोच वाजवायचा. परवा तापानं तो गेला, आणि आज दिवाणांनी नगारखान्याखालची खोली रिकामी करायला सांगितलं! कायम नोकर गेला तर खोली घरच्यांकडे राहायची. पण हैबतीला ठेवला होता ‘सध्यापुरता’. त्याची रीतसर परीक्षा कधी झालीच नाही. राही वहिनी भांडी पोत्यात भरत होती आणि तिची छोटी लेक चिमी ती एकेक करून बाहेर काढत होती.

ते पाहून सटवाचं डोकं फिरलं. डोळे पुसायचे राहिले. उठला तो थेट भर दरबारात घुसला!

“अरे अरे! मुजरा कर आधी!” दिवाण ओरडले.

“करतो की! आधी भांडून घेतो!”

महाराज लोडाला टेकून पेरू खात होते. त्यांना गंमत वाटली. “बोल.”

“महाराज, वहिनीची आणि चिमीची खोली जातेय. माझ्या दादाला कायम करा.”

“गेलेल्या माणसाला?”

“होता तेव्हा तुम्हाला सवड नव्हती!”

दिवाण पुढं सरसावले. “महाराज, हैबती मागच्या दारानं आलेला. भरती नाही, परीक्षा नाही. असा माणूस सरकारचा नोकरच नव्हे! वाजवलं असेल आपल्या हौसेनं.”

“हौसेनं? भर थंडीत, भल्या पहाटे? पंत, तुम्ही एक दिवस हौस करून बघा!”

महाराज हट्टाला पेटले. “गडाचा रिवाज मोडणार नाही! नगारच्यानं मानकऱ्यांसमोर राज्याभिषेकाचा डंका द्यायचा. ठोका चुकला नाही, तर तो कायम. जा, आण भावाला! सूर्य मावळायच्या आत त्यानं परीक्षा दिली, तर खोली तुझ्या वहिनीची!”

सगळा दरबार खो खो हसला. सटवानं बाहीनं नाक पुसलं.

“महाराज, ती परीक्षा दादानं दिलीय.”

“कधी?”

“तुम्हाला राज्याभिषेक झाला त्या दिवशी! हे मानकरी समोरच होते. नगाऱ्यावर दादाच होता. ठोका चुकला का, विचारा त्यांना!”

मानकऱ्यांनी माना हलवल्या. ठोका चुकला नव्हता.

“ती परीक्षा नव्हतीच!” दिवाण तडकले. “तो सरकारचा माणूस नव्हता, त्याचा डंकाही सरकारी नव्हता!”

“असं? मग पंत, सरकारी डंक्याशिवाय राज्याभिषेक पुरा होतो का हो?”

“छे! डंका झाल्याशिवाय राजा गादीवर बसला असं धरतच नाहीत! गडाचा रिवाजच आहे तसा...” आणि पंतांनी जीभ चावली. पगडी घसरून नाकावर आली.

सटवा महाराजांकडे वळला. “आता तुम्हीच सांगा, महाराज. माझा दादा परीक्षेत उतरला, की तुम्हीही सध्यापुरतेच?”

पेरू हातातच राहिला. महाराजांनी गादीकडे पाहिलं, दिवाणांकडे पाहिलं, आणि असे हसत सुटले की लोड घरंगळून पायरीखाली गेला!

“पंत, हलवा हातपाय! हैबतीला कायम करा, नाहीतर मलाच वाडा रिकामा करावा लागेल! खोली तुझ्या वहिनीची, चिमीची. आणि तुला रे, हे सोन्याचं कडं!”

“कडं चिमीला द्या. मला फक्त या हुकुमाचा डंका वाजवू द्या.”

तो नगारखान्यावर चढला. दादाच्या टिपऱ्या उचलल्या. पहिला ठोका स्वतःच्याच गुडघ्यावर बसला! खाली चिमी खिदळली. मग मात्र राज्याभिषेकाचा डंका घुमला, आणि रिवाजाप्रमाणं सगळा दरबार उठून उभा राहिला. सगळ्यांच्या आधी महाराज!

“हैबती नगारची, कायम!” सटवा गळा फाटेस्तोवर ओरडला. मग खाली उतरून त्यानं वहिनीच्या हातातलं पोतं घेतलं आणि सगळी भांडी जागच्या जागी मांडून दिली.