पहिल्या हाकेचा घाट

या घाटावर एकदाच हाक मारायची, पाव्हणं. दुसरी मारलीत तर भोयाला राग येतो. आत्ता बघितलंत ना, पलीकडून आवाज आला तसा आमचा भोई सोपान हातातला घास टाकून डोण, म्हणजे आमची होडी, घेऊन पळाला!

पूर्वी इथला नेम उलटा होता म्हणे. दिवेलागणीला पलीकडून कुणी बोलावलं, तर तिसऱ्या हाकेशिवाय डोण सोडायची नाही. पाण्यात बुडून मेलेलं माणूस ओळखीच्या आवाजात बोलावतं, पण त्याला तिसरी हाक मारता येत नाही, असा भोयांचा समज.

तेव्हा डोण रखमाजी भोयाची होती. बायको वारलेली, एकुलती लेक सगुणा पलीकडच्या गावी दिलेली. घरात बोलायला माणूस नाही, बिचारा चुलीशी बोलायचा. दर पंचमीला तो लेकीला आणायला मुराळी धाडायचा. त्या साली नदी चढलेली, म्हणून राहिलं. पंचमीच्या आदल्या सांजेला पलीकडून हाक आली, "बा, डोण आण की!"

रखमाजीने वल्हं उचललं. आवाज सगुणेचाच. पण मुराळ्यावाचून सासरची माणसं तिला सोडतील कशी? तो वल्हं धरून उभा राहिला. दुसरी हाक आली. मग नुसता पाण्याचा आवाज.

"फसलो असतो बाबा आज," असं पुटपुटत तो घरात शिरला.

सकाळी पलीकडची दरड खचलेली दिसली. खाली बाभळीच्या काट्यांत लाह्यांचं गाठोडं अडकलं होतं. सगुणा भोयाचीच पोर, नेम तिला ठाऊक. तिसरी हाक ती मारणारच होती हो, पण त्याआधीच पायाखालचा काठ गेला.

पुढे रखमाजी पहिल्या हाकेला निघू लागला. हाक नसली तरी निघायचा. म्हातारा भ्रमला, असं लोक म्हणायचे. एका भर पुरात "आलो गं पोरी!" असं ओरडत त्याने डोण लोटली. पलीकडे माहेराला निघालेली एक परकी पोर काठावर उभी होती. तिला डोणीत घेतलं आणि मागची दरड धाडकन कोसळली.

पोर म्हणाली, "बाबा, मी तर अजून हाक मारलीच नव्हती."

अख्खा गाव घाटावर लोटला. "रखमाजी, सगुणेनंच बोलावलं रे तुला," म्हणत बायका डोळे पुसू लागल्या. रखमाजीने मान हलवली.

"ती नव्हती. माझ्या लेकीचा आवाज मी ओळखतो. त्या दिवशीही ओळखला होता."

आजही इथला भोई पहिल्या हाकेला निघतो. कितीदा तरी पलीकडे कुणीच नसतं. मग तो काठाला डोण लावून थोडा वेळ बसतो आणि एकटाच परत येतो.