केवड्याची साक्ष

बाबालाल अत्तारांचा एक चेक वटला नाही आणि म्हातारपणी त्यांच्यावर तुरुंगात जायची पाळी आली. तो चेक त्यांनी फार वर्षांपूर्वी, आपल्या अत्तराच्या दुकानात बसून, कोराच, व्यंकटराव सावकारांकडे तारण म्हणून दिला होता. कर्ज फिटलं, चेक मात्र परत आला नाही. आता त्याच्यावर गेल्या दिवाळीची तारीख होती आणि पाच लाखांचा आकडा.

"दिवाळीत यांच्या दुकानात बसून रोख मोजून दिले," व्यंकटराव कोर्टात ठासून सांगत होते.

बाबालालांनी न्यायाधीशांची परवानगी काढून एवढंच विचारलं, "सावकार, त्या दिवशी दुकानात वास कसला येत होता?"

व्यंकटराव हसले. त्यांनी डोळे मिटून खोल श्वास घेतला. "केवड्याचा! आत पाऊल टाकलं की माणूस स्वप्नात शिरल्यासारखा होतो."

बाबालालांचेही डोळे आपोआप मिटले. वेणीत केवड्याचं पान खोवून कुपी पुसत बसलेली झुबेदा त्यांना दिसली.

"केवडा माझ्या बायकोच्या आवडीचा, साहेब," ते हळूच म्हणाले. "ती जाऊन सहा वर्षं झाली. त्या दिवसापासून दुकानात केवड्याची कुपी उघडलेली नाही. बाजारात कुणालाही विचारा."

व्यंकटराव गडबडले. "वासाचं काय घेऊन बसलात? नाक चुकतं कधीकधी!"

"नाकाला बोल लावू नका, सावकार," बाबालाल म्हणाले. "त्यानं खरी साक्ष दिली. आता तेवढं तोंडाला समजवा."