जिवतीचं पुरण

एका गावात एक सासू होती आणि तिची एक सून. घरात सासूच्या सासूपासूनचा दगडी पाटा होता. तेव्हा उजाडलं की गावभर पाट्यांचे आवाज यायचे. कुणाकडे ओलं खोबरं वाटतायत, कुणाकडे लसूण, ते रस्त्याने जाणाऱ्यालाही कळायचं. मग एकेका घरात मिक्सर आला आणि ते आवाज थांबले.

या घरातही सुनेने मिक्सर आणला. सासूची हरकत नव्हती. अट एकच, श्रावणी शुक्रवारी जिवतीच्या दिव्यांचं पुरण पाट्यावरच वाटायचं. देवी काय हॉटेलात जेवायला आलीय, असं ती म्हणायची आणि सून हसायची.

त्या वर्षी सुनेला आठवा महिना होता. शेवटच्या शुक्रवारी डाळ शिजली, गूळ आटला आणि नेमकं सासूचं मनगट सुजलं. वरवंटा उचलेना. सून म्हणाली, आजचा दिवस मिक्सर लावू. सासू म्हणाली, तीस वर्षांचा नेम मोडण्यापेक्षा यंदा दिवेच नकोत. असं म्हणाली खरी, पण येणाऱ्या बाळासाठी सुनेला ओवाळायचं तिच्या मनात कधीचं होतं. देवापाशी जाऊन ती डोळे पुसत बसली.

थोड्या वेळाने आतून पाट्याचा आवाज आला. जाऊन बघते तर सून अवघडल्या पोटाने पाट्यावर वाकलेली, कपाळावर घाम.

"तुमचा नेम मोडू नये म्हणून बसले, आत्याबाई."

सासूने तिचा हात धरला. "ऊठ बाई. जिवती लेकरं राखते. तिच्या दिव्यासाठी मी पोटातल्या लेकराला शिणवलं, तर ती माझा दिवा घेईल का?"

मग तिला आठवलं, जातं सोडून गिरणीचं पीठ या घरात पहिल्यांदा तिनेच आणलं होतं. तेव्हा तिची सासू दोन दिवस बोलली नव्हती. पोळ्या मात्र चार खाल्ल्या होत्या. हे सुनेला सांगताना तिला हसू फुटलं.

मिक्सरला हळदीकुंकू लागलं. पुरण मऊसूत झालं. सासूने डाव्या हाताने वेडेवाकडे दिवे वळले, तुपाच्या वाती लावल्या आणि सुनेला ओवाळलं.

"आता पाटा परसात ठेवू का?" सुनेने विचारलं.

"राहू दे इथेच. बारशाला वरवंट्याला कुंची घालून पाळण्याखालून द्यायचाय. तिथे काय मिक्सर देशील?"

जिवतीने त्या घरचं लेकरू राखलं, तशी तुमची-आमचीही राखो.

तात्पर्य: ज्यांच्यासाठी नेम धरला, त्यांनाच तो जड होऊ देऊ नये. भाव जुना जपावा, साधन काळाप्रमाणे घ्यावं.