वेळवाटीला लागला डिंक

सावली हललीच नाही.

तुरतुरीने पाहिलं. पुन्हा पाहिलं. जांभळाची सावली मघाशी होती तिथेच! पायरीपासून लांब.

तुरतुरी दचकली. तुरतुरी म्हणजे एवढीशी चिचुंद्री. पान पडलं तरी दचकायची. आता तर सावलीच हलेना!

"अगं बाई! हे माझ्यामुळे झालं!"

काय झालं होतं? ऐका हं.

विहिरीपाशी होतं एक घंगाळ. घंगाळात पाणी. पाण्यावर तरंगायची वेळवाटी. वाटीला खाली भोक. भोकातून पाणी यायचं आत. ठिपुक ठिपुक, ठिपुक ठिपुक. वाटी भरली की डुबुक! वाटी बुडाली की वेळ जायची पुढे. सावली सरकायची.

मग वाटीला बांधलेली दोरी ओढायची. वाटी वर काढायची. रिकामी करून पुन्हा तरंगत ठेवायची. हे काम चिचुंद्र्यांचं.

सकाळी आई गेली खाऊ आणायला. जाताना म्हणाली, "तुरे, वाटी सांभाळ हं. सावली पायरीला टेकली की मी आलेच."

तुरतुरी खेळत बसली. रिठ्याची काळी बी. गडगड गडगड! खेळ रंगला, की डुबुक! ओढा दोरी. पुन्हा रंगला, की डुबुक! ओढा दोरी.

"एवढं एकदा खेळू दे ना!" तुरतुरी म्हणाली. आणि भोकाला लावला डिंक. चप्प!

वाटी बुडेना. वेळ सरेना. खेळून खेळून पाय दुखले. बी नकोशी झाली.

"आई! ए आई!"

कुणीच ओ दिली नाही.

आई येणार कशी? ती चालतच असेल उन्हात. बिचारीची वाट संपतच नसेल.

तुरतुरीने डिंक ओरबाडला. कुरतडला. डिंक कडक! निघेना. आता काटाच हवा.

तुरुतुरु, तुरुतुरु. तुरतुरी गेली बाभळीकडे.

"बाभळीबाई, काटा दे ना!
काट्याने निघेल डिंक,
डिंक निघाला की बुडेल वाटी,
वाटी बुडाली की सरकेल सावली,
सावली सरकली की येईल आई!
डिंक मीच लावला. चुकलं माझं."

बाभळ म्हणाली, "शेळीने फांदी ओढलीय ग. कंबर मोडली माझी. ती फांदी सोडेल, तेव्हा देईन काटा."

तुरुतुरु, तुरुतुरु. तुरतुरी गेली शेळीपुढे.

"शेळीआत्या, फांदी सोड ना!
फांदी सुटली की बाभळ देईल काटा,
काट्याने निघेल डिंक,
डिंक निघाला की बुडेल वाटी,
वाटी बुडाली की सरकेल सावली,
सावली सरकली की येईल आई!
डिंक मीच लावला. चुकलं माझं."

शेळी म्हणाली, "म्हॅंऽऽ! कधीची चावतेय, घास संपेना. नुसत्या पाल्यावर राहू होय? कोंडा मिळेल, तेव्हा सोडेन फांदी."

तुरुतुरु, तुरुतुरु. तुरतुरी गेली गोजरामावशीच्या अंगणात. मावशी झाडत होती. खर्र खर्र, खर्र खर्र. अंगण झाडून होईना.

"शी बाई! कसला ग तुझा वास! लांबून बोल, लांबून!"

तुरतुरी दचकली. पण लांबून बोलली.

"गोजरामावशी, कोंडा दे ना!
कोंडा मिळाला की शेळी सोडेल फांदी,
फांदी सुटली की बाभळ देईल काटा,
काट्याने निघेल डिंक,
डिंक निघाला की बुडेल वाटी,
वाटी बुडाली की सरकेल सावली,
सावली सरकली की येईल आई!
डिंक मीच लावला. चुकलं माझं."

मावशी म्हणाली, "कोंडा आहे ग टोपलीत. पण वर कोंबडी बसलीय, अंडी उबवत. ती उठेल, तेव्हा देईन कोंडा."

तुरुतुरु, तुरुतुरु. तुरतुरी गेली टोपलीपाशी.

"कोंबडीताई, ऊठ ना!
तू उठलीस की मावशी देईल कोंडा,
कोंडा मिळाला की शेळी सोडेल फांदी,
फांदी सुटली की बाभळ देईल काटा,
काट्याने निघेल डिंक,
डिंक निघाला की बुडेल वाटी,
वाटी बुडाली की सरकेल सावली,
सावली सरकली की येईल आई!
डिंक मीच लावला. चुकलं माझं."

"उठू? नि अंडी गार पडली म्हणजे?" कोंबडी म्हणाली. "पिल्लं निघतील, तेव्हा उठेन."

अंड्यातून आवाज आला. टक टक. "वाटी बुडू दे. वेळ झाली की निघू."

आता काय करायचं? वाटी बुडेना, तर पिल्लं निघेनात. पिल्लं निघेनात, तर वाटी बुडेना!

तुरतुरी मटकन खाली बसली. "नको मला खेळ. नको मला बी. मला माझी आई हवी."

कोंबडीने तिच्याकडे पाहिलं. मग आपल्या अंड्यांकडे पाहिलं.

"उठणार नाही हं मी," ती म्हणाली. "पण जराशी सरकते."

कोंबडी जराशी सरकली.
मावशीने घातला हात, काढला मूठभर कोंडा.
शेळीने कोंडा खाल्ला, सोडली फांदी.
बाभळीने कंबर सरळ केली, दिला काटा. कट्!
काट्याने निघाला डिंक. टुच्च!

ठिपुक ठिपुक. ठिपुक ठिपुक.

डुबुक!

सावली सरकली. थोडीशीच.

टोपलीत अंडं तडकलं. टिच्! शेळीचा घास संपला. मावशीचं अंगण झाडून झालं.

तुरतुरीने दोरी ओढली. वाटी ठेवली तरंगत. रिठ्याची बी तिथेच पडली होती. तिने पाहिलीसुद्धा नाही.

"आई! ए आई!"

कुणीच ओ दिली नाही.

डुबुक! दोरी ओढली. सावली सरकली.

"आई! चुकलं माझं! ये ना ग!"

कुणीच ओ दिली नाही.

डुबुक! दोरी ओढली. सावली सरकली. सरकली, सरकली, आणि पायरीला टेकली.

"आई! ए आई!"

"ओ ऽ ऽ! आले ग, तुरे, आले!"