पेरूचं वजन

नातवंडांनी डोकं खाल्लं म्हणून सांगतो. मधे बोलायचं नाही.

फार जुन्या एका बाजारात एक पेरू होता. एकट्यानं पारड्यात बसायला घाबरायचा, भोपळ्याला चिकटून बसायचा. भोपळा म्हणायचा, "वजन सगळं माझं रे, तुझा नुसता वास!"

पेरू रडायला लागला. म्हातारी तागडी म्हणाली, "उगी, बाळा. काल भोपळा आणि तू मिळून नऊ पावशेर भरलात. आज तुझा जुळा भाऊ येऊन बसला, तर दहा. भोपळा दोन्ही वेळा तोच, तूही तोच. तुम्हा दोघांना वगळलं तर उरलं काय?"

"भाऊ. एक पावशेर."

"आणि त्याचा जुळा?"

पेरू हळूच एकटा पारड्यात बसला. पारडं खाली गेलं.

मला वर्गात बिनवजनाचा म्हणणाऱ्या भिकोबा तांडेलनं अजून माफी मागितलेली नाही.