मगरीच्या डोहाचं गाणं

रानात माणसाची पायवाटही नव्हती, तेव्हाची गोष्ट. मगरीच्या डोहाकडे कुणी फिरकत नसे. उपाशी मगरीने साळुंकीला गळ घातली, "बाई, माझ्या पाण्यावर एखादं गाणं कर. तुझ्या घरट्याला सापापासून मी सांभाळीन."

साळुंकीने दोनच ओळी रचल्या:

"गार गार पाणी, जांभळीची छाया,
दमल्या जिवाला आईची माया."

सकाळ-संध्याकाळ ती तेच गाई. पाडसं खेळताना ते म्हणू लागली, हरिणी त्यांना निजवताना. उन्हाळ्यात ओढा आटला, तेव्हा पाय आपसूक डोहाकडे वळले. गेलेले परतले नाहीत. "एवढं गार पाणी सोडून कोण येतंय!" मागे राहिलेले म्हणाले.

साळुंकीचा जीव कासावीस झाला. "जाऊ नका, तिथे मगर आहे!" घसा बसेपर्यंत ती ओरडली. कुणी कान दिला नाही. शेवटी तिने तोच इशारा गाण्याच्या चालीत बसवला. चाल तरी सगळ्यांना पाठ होती.

खाली एका हरिणीने मान वर केली. चाल कानी पडताच तिच्या घशाला कोरड पडली.

"चल रे सोन्या," ती पाडसाला म्हणाली, "तहान लागली असेल ना?"

पाडस उड्या मारत पुढे निघालं, तोंडाने जुनेच शब्द गुणगुणत.