आढ्यावरचा धाकू

वेळणखोलात अजून कुणाच्याच घराला कौल लागलं नव्हतं, तेव्हाची ही गोष्ट. फार वर्षं झाली. किती, ते विचारू नये. ज्यांनी पाहिलं ते गेले, त्यांच्याकडून ऐकलं तेही गेले. खाडी मात्र तीच आहे, आणि वाराही तोच.

त्या काळी घरं मातीची असत. भिंतींतच लाकडाच्या मेढी उभ्या केलेल्या, मेढींवर आढं, आढ्यावरून खाली वासे, आणि त्यावर गवताचं छप्पर. उन्हाळा सरत आला की ते छप्पर नव्यानं शाकारावं लागे. वेळणखोलात शाकारावं ते धाकूनं, असं ठरून गेलं होतं. त्याचा बापही तेच करायचा. बापानं त्याला गाठ शिकवली होती. छप्पर नुसतं वाशांना बांधायचं, आणि तेही अशा गाठीनं की साध्या वाऱ्याला ती दाद देत नसे, पण वाऱ्यानं फारच ओढ घेतली तर सरकून सुटत असे. गाठ तशीच का मारायची ते बापानं सांगितलं नाही आणि धाकूनं विचारलं नाही.

आता खाडीकाठचं गाव म्हटलं की वादळ आलंच. दोन-तीन वर्षं सुनी जायची आणि मग एखाद्या दुपारी समुद्राकडून असा वारा सुटायचा की पंगत उठल्यावर पत्रावळी गोळा कराव्यात तशी गावातली छपरं गोळा करून न्यायचा. भिंती उभ्या, माणसं उभी, वर उघडं आभाळ. मग सगळं गाव धाकूच्या दाराशी येई. धाकू कोयता घेई आणि निघे. गवत कापायचं, पेंढ्या बांधायच्या, वर चढायचं, बांधत बांधत आढ्यापर्यंत जायचं, उतरायचं, पुढच्या घरी जायचं. गाव बांधून होईतो पावसाळा तोंडावर येई, आणि कधी कधी तेवढ्यात दुसरं वादळ येऊन बांधलेलं घेऊन जाई.

गावात बाबी नावाचा सुतार होता. कुणाची टर उडवल्याशिवाय त्याला जेवण जात नसे. तो धाकूला म्हणायचा, "धाकू, तू गाठी मारतोस की वाऱ्याला वाट करून देतोस?" लोक हसायचे. धाकूही थोडा हसायचा. आधी मनापासून हसायचा, पुढे पुढे नुसते ओठ हलवायचा.

असं म्हणतात की एका वर्षी वादळानं लागोपाठ दोनदा छपरं नेली. दुसऱ्यांदा शाकारताना धाकूची बोटं मिटेनात. दोर हातात आहे, पण मूठ वळत नाही. तो आढ्यावर तसाच ओणवा राहिला आणि खाली पसरलेल्या गावाकडे पाहू लागला. अंग दुखलं तर रात्री झोपून सकाळी उतरतं. हा शीण तसा नव्हता. आपण जन्मभर बांधलेल्यांपैकी एकही छप्पर आज कुठे नाही, हे त्याला त्या दिवशी दिसलं. पुढे किती वर्षं हेच करायचं, तेही दिसलं.

पुढच्या उन्हाळ्यात त्यानं बापाची गाठ सोडून दिली.

रानातून केवणीच्या झुडपाची साल काढून आणली, ती खाडीच्या पाण्यात भिजत घातली आणि ओलीच वळून जाड दोर केले. ही साल वाळली की अशी आवळते की सुरीचं पातं आत जात नाही. ते दोर त्यानं वाशांना बांधले नाहीत. छपरावरून घेतले आणि सरळ खाली मेढींना आवळले. घरोघरी छप्पर आणि घर एकजीव करून टाकलं. गाव पाहायला आलं. बाबी सुतार वळचणीला लोंबकळून झोके घेऊ लागला आणि म्हणाला, "आता वाऱ्याचा बाप आला तरी हात हलवत जाईल." पहिला वारा आला तसा गेला, एक काडी हलली नाही. त्या रात्री धाकू बऱ्याच वर्षांनी गाढ झोपला, असं सांगतात.

धाकूची बायको कधीच वारली होती. लेक एकच, वेणू. पलीकडच्या गावी दिलेली. त्याच वर्षी ती पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली. धाकूचं घर गावाच्या वरच्या टोकाला, चढावर होतं. लेक येणार म्हणून त्यानं आपल्या छपराला एकाला दोन दोर घातले आणि गाठीवर गाठ मारली. वेणूला मुलगी झाली. पाचवी पार पडली. आता बारसं करायचं होतं.

आणि वादळ आलं.

दुपारची वेळ होती. धाकू खाडीवर भिजवलेली साल काढत होता. आधी वारा पडला. बगळे जमिनीवर चालत रानाकडे निघाले. मग आभाळातून हत्तीची सोंड उतरावी तसा काळा भोवरा खाडीत उतरला. गावात त्याला अजून सोंडच म्हणतात. तिनं पाणी ओढलं, मासे ओढले, किनाऱ्याला बांधलेली होडी दावं तोडलेल्या गुरासारखी उचलली, आणि ती काठावरच्या आनसूआजीच्या घरावर आली.

धाकू खडकाला मिठी मारून पाहत होता. छप्पर सुटलं नाही. त्याचे दोर तुटले नाहीत. छपराबरोबर मेढी उपटल्या, आणि मेढींबरोबर भिंती. वाफ्यातलं रोप मुळासकट उपसून यावं तसं घर वर उठलं आणि आनसूआजीच्या अंगावर पसरलं. धाकू धावत गेला. माती उकरली. म्हातारीचा हात तेवढा लागला, तो गार होता. वर बघावं तर मेढीला त्याची गाठ अजून घट्ट बसलेली.

बापाची गाठ का सुटायची ते धाकूला तेव्हा कळलं.

सोंड परत खाडीवर गेली आणि तिथेच डुलत राहिली. दम खात असावी, असं म्हणतात. धाकूनं चढाकडे पाहिलं. वेणू वर होती, बाळ तिच्या कुशीत होतं, आणि सगळ्यात घट्ट गाठी त्याच घराला होत्या. पण खाडीपासून त्या घरापर्यंत सगळं गाव मध्ये होतं, आणि प्रत्येक घर त्यानंच बांधलं होतं. बाहेर झावळ्या आणि फांद्या भाल्यासारख्या येत होत्या, त्यामुळे माणसांनी घरांची दारं लावून घेतली होती. त्यानं कमरेचा कोयता काढला.

वाटेवर पहिलं घर बाबी सुताराचं. धाकू वळचणीला धरून वर चढला आणि दोरावर घाव घालू लागला. आवाज ऐकून बाबी दारातून अर्धा बाहेर आला. वर धाकूला पाहून त्यानं त्याचा पाय धरला.

"बायको-पोरं आत आहेत रे," बाबी म्हणाला. "तूच बांधलंस ना?"

"मीच बांधलं. म्हणून मीच कापतोय. पाय सोड."

"डोकं फिरलं तुझं."

"खाली बघ. आनसूआजीचं घर बघ."

बाबीनं खाडीकडे पाहिलं. जिथं घर होतं तिथं मातीचा ढीग होता. त्यानं पाय सोडला, आणि आत जाऊन पोरांना भिंतीच्या पायथ्याशी निजवलं.

असा धाकू घरोघर चढला. कुणी शिव्या घातल्या. कुणी देवाची शपथ घातली. एका बाईनं तर आतून गवतात मुसळ खुपसून त्याला ढोसलं, आणि मुसळ चुकवत चुकवत त्यानं गाठ कापली. कापून झालं की तो एकदा चढावरच्या आपल्या घराकडे पाही आणि मग खाली उतरून पुढच्या वळचणीला हात घाली. दोन घरांमधलं अंतर तो कुंपण धरून चालत होता. एका घरच्या म्हाताऱ्याला त्याची दया आली. तो दारातून म्हणाला, "धाकू, आमचं राहू दे. तू आधी वेणूकडे जा."

धाकू म्हणाला, "जातोच आहे. तुमचं घर वाटेत आहे."

शेवटच्या घरावरून तो उतरला तेव्हा सोंड खाडी सोडून गावात शिरली होती. मागे एकेक छप्पर उठत होतं, फिरत वर जात होतं. भिंती जागच्या जागी राहत होत्या. धाकूनं मागे वळून पाहिलं नाही. तो चढ हातापायांनी चढला आणि आपल्या घरावर गेला.

कोयत्याला आता धार उरली नव्हती. एकाला दोन दोर, गाठीवर गाठ. कोयता नुसता उडत होता.

"वेणू," त्यानं गवताला तोंड लावून हाक मारली. "मी आहे वर. छप्पर जाईल. भिऊ नको, बाळाला पोटाखाली घे."

आतून वेणू म्हणाली, "आबा, छप्पर असू दे. तुम्ही खाली या."

"खाली आलो तर भिंतीही येतील, बाय."

"मग लवकर करा."

त्यानं नखं लावली, दात लावले. तेवढ्यात कुणीतरी त्याच्या पायाला धरलं. बाबी सुतार होता. छप्पर गेलेल्या घरात पोरं सुखरूप आहेत हे पाहून तो मागोमाग धावत आला होता, आणि त्याच्या हातात करवत होती. बाबीनं करवत वर दिली आणि अंगणातल्या फणसाला घट्ट मिठी मारली. पुढचं सगळं त्यानं तिथून पाहिलं, म्हणूनच ते गावाला कळलं.

बाबी सांगे की धाकूनं एकेक दोर कापला, घाई न करता. शेवटचा दोर तुटला तेव्हा सोंड कुंपणाशी होती. उडी मारायला त्याला वेळ होता, हे बाबी मरेपर्यंत शपथेवर सांगायचा. पण धाकूनं उडी मारली नाही. त्यानं करवत हलकेच अंगणात टाकली, सुताराचं हत्यार मोडू नये म्हणून. मग तो आढ्यावर बसला. छप्पर उठलं. एक काडी न विस्कटता, आईनं बाळाच्या अंगावरचं पांघरूण उचलावं तसं उठलं, माडांच्या वर गेलं आणि खाडीकडे निघालं. आणि धाकू त्यावर बसला होता. बाजार करून घरी निघालेला माणूस बैलगाडीत बसतो तसा. त्यानं पाय लांब केले होते.

बाबीवर आधी कुणी विश्वास ठेवला नाही. पण त्यात त्यानं एकही विनोद घातला नव्हता, तेव्हा लोकांना खरं मानावं लागलं.

वारा गेला. भिंती सगळ्या उभ्या होत्या, आनसूआजीच्या सोडून. वेणू इरलं पांघरून घराच्या कोपऱ्यात बसली होती, आणि बाळ झोपलं होतं. मग पाऊस आला आणि रात्रभर उघड्या घरांत पडला. लोक भिजत बसले. कुणी रडलं नाही, कुणी धाकूचं नावही काढलं नाही. तेवढं त्राण कुणात नव्हतं. सकाळी आनसूआजीला नेलं. मग धाकूला शोधलं. खाडी धुंडाळली, रान धुंडाळलं. तो सापडला नाही, त्याचं छप्परही सापडलं नाही. मात्र प्रत्येक दारात गवताचा एकेक ढीग पडलेला होता, त्या त्या घराला पुरेल एवढा. वाऱ्यानं पडलं असेल, असं शहाणी माणसं म्हणतात. म्हणोत.

पुन्हा शाकारायला घेतलं. दुसरं करणार काय? बाबी सुतारानं आणि चारचौघांनी मिळून धाकूच्या बापाची ती सरकती गाठ आठवून आठवून मारली. सगळ्यात शेवटी धाकूचं घर केलं. बाबी आढ्यापर्यंत पोचला, शेवटची गाठ मारली, तोच खालून लोकांचं सुरू झालं. कुणी म्हणालं, माझी वळचण ठिबकतेय, कुणी म्हणालं, गोठा राहिलाय, उतरलास की तसाच ये.

वेणू बाळाला घेऊन अंगणात उभी होती. ती लोकांना म्हणाली, "जरा थांबा." मग तिनं वर पाहिलं. बाबीकडे पाहिलं नाही, आढ्याकडे पाहिलं.

"आबा, बसलात?"

बाबी आढ्यावर नीट टेकला, त्यानं पाय लांब केले, आणि म्हणाला, "बसलो गो, बाय."

तो बराच वेळ बसला. त्याला खाली कुणी बोलावलं नाही.

आता वेळणखोलात गवताचं छप्पर एकही नाही. कौलं आली, पत्रे आले, पलीकडे दोन-चार स्लॅबचीही घरं झाली. वादळं तशीच येतात. कौलं फुटतात, पत्रे उडतात, लोक परत चढतात आणि परत घालतात. पण काम संपलं की वरचा माणूस लगेच उतरत नाही. मग तो घराचा मालक असो की बाहेरगावचा मजूर असो, त्याला आढ्यावर बसवतात. स्लॅब असेल तर कठड्याला टेकून बसवतात. तो बसलेला असताना त्याला कुणी काम सांगत नाही, आणि एखाद्यानं सांगितलंच तर बायका त्याला गप्प करतात. घरातली लेक किंवा सून अंगणात येते आणि वर पाहून विचारते, "आबा, बसलात?"

वरचा माणूस पाय लांब करतो.

"बसलो गो, बाय."

मग खाली चूल पेटते. तो मनात येईल तेव्हा उतरतो.